‘ललिता पवार’ ही शिवी नाही

ज्या गावचं रेल्वे स्टेशन अर्धं महाराष्ट्रात आणि अर्धं गुजरातमध्ये आहे, ते आमचं नवापूर. मागच्या वीकांताला घरी गेलो होतो. दुपारी जेवण झाल्यावर आईने टीव्ही लावला, तर ‘अनाडी’ चालू होता. १९५९ चा. राज कपूर, नूतन आणि घरमालकीण मिसेस डिसा, म्हणजे ललिता पवार.

मिसेस डिसा दिवसभर राज कपूरवर डाफरते आणि गुपचूप त्याची काळजीही घेते. आई पदराने डोळे पुसत म्हणाली, "अगदी आपल्या काकूसारखी." मी दचकलोच. कारण गल्लीत आम्ही पोरं काकूला ‘ललिता पवार’च म्हणायचो, पण ते चिडवायला! काका लवकर गेले. काकूने दोन मुलं एकटीने वाढवली, पैशापैशाचा हिशेब ठेवला. उशिरा घरी आलं की दारातच उभी असायची. बस, एवढाच तिचा गुन्हा.

आमच्या पिढीला ललिता पवार भेटली ती १९८७ मध्ये, दूरदर्शनच्या ‘रामायण’मधली मंथरा म्हणून. त्यामुळे आमच्या डोक्यात खाष्ट म्हणजे ललिता पवार हे समीकरण पक्कं बसलं. पण बाईंचं काम नीट बघितलं की ते टिकत नाही. १९५५ हे एकच वर्ष घ्या. ‘श्री ४२०’ मध्ये ती मुंबईच्या फूटपाथवरची मायाळू केळेवाली आहे आणि ‘मिस्टर अँड मिसेस ५५’ मध्ये कडक सीतादेवी. ही सीतादेवी बायकांच्या घटस्फोटाच्या हक्काबद्दल बोलते, आणि सिनेमा तिलाच हास्यास्पद ठरवतो. म्हणजे कडक बाई वाईट, हे आधी पटकथेने ठरवलं आणि मग आपण ते घरोघरी वापरलं.

दुसरी गोष्ट त्या थपडेची. १९४२ च्या ‘जंग-ए-आझादी’च्या शूटिंगमध्ये भगवानदादांची थप्पड जरा जोरात बसली, चेहऱ्याला अर्धांगवायू झाला, डावा डोळा कायमचा बारीक झाला. तेव्हा त्या २६ वर्षांच्या होत्या. हा किस्सा हल्ली ‘संकटातून संधी’ अशा मथळ्याखाली फॉरवर्ड होत असतो. मला ते खटकतं. मूकपटांपासून काम करणारी, नायिका म्हणून नाव असलेली, स्वतः चित्रपट काढणारी बाई ही. तिचं नुकसान खरंच झालं, त्याला गोड नाव कशाला द्यायचं? उपचार बराच काळ चालले. १९४४ च्या प्रभातच्या ‘रामशास्त्री’त त्या आनंदीबाई झाल्या. पुढे जे मिळालं ते त्या डोळ्याने नव्हे, कामाने मिळालं. ‘अनाडी’साठी फिल्मफेअर पुरस्कार, ‘प्रोफेसर’ (१९६२) मधली शम्मी कपूरच्या वेशांतराला भुलणारी कडक मावशी, ‘आनंद’ (१९७१) मधली मेट्रन. ‘प्रोफेसर’ बघाच. हसवायला किती नेमकं टायमिंग लागतं ते कळेल.

आता माझी कबुली. काही वर्षांपूर्वी आमच्या टीममध्ये एक सीनियर टेस्टर मॅडम होत्या. माझं मॉड्यूल त्यांनी इतक्या वेळा परत पाठवलं की रिलीज एक आठवडा पुढे गेलं. चहाच्या टपरीवर मी त्यांना ‘आमच्या ललिता पवार’ म्हणालो. सगळे हसले. त्या मागेच उभ्या होत्या. काही बोलल्या नाहीत. संध्याकाळी पुढची बग लिस्ट आली, नेहमीसारखी नीट, क्रमवार. त्यातला एक बग तसाच गेला असता तर ग्राहकांच्या खात्यातून पैसे दोनदा कापले गेले असते. दोष माझा होता, आणि नाव मात्र मी त्यांना ठेवलं.

आमच्याच टीममधला एक पुरुष मॅनेजर याहून जास्त कडक होता. त्याला आम्ही ‘परफेक्शनिस्ट’ म्हणायचो. टोपणनावाचा विषयच नाही!

चोख काम मागणाऱ्या बाईला आपण हे नाव ठेवतो. आणि ज्या बाईचं हे नाव, तिने आयुष्यभर चोख कामच केलं. १९९८ मध्ये पुण्यात त्या गेल्या. मी याच पुण्यात राहतो आणि त्यांचं नाव टपरीवर असं वापरतो. असो.

त्या टेस्टर मॅडम आता दुसऱ्या कंपनीत आहेत. मेल ड्राफ्टमध्ये पडून आहे, सोमवारच्या आत पाठवायची आहे. तुमच्या ऑफिसातही एखादी ‘ललिता पवार’ असेल. तिने परत पाठवलेलं काम एकदा नीट उघडून बघा.