धाव्याला धावणारा गौस

टहरौली हे झाशी जिल्ह्यातलं तहसिलीचं गाव, बोली बुंदेली. तरी हा मुलूख मराठी माणसाला परका वाटू नये. रत्नागिरीकडचे गोविंद बल्लाळ खेर इकडे येऊन ‘गोविंदपंत बुंदेले’ झाले आणि याच भागातल्या गुरसरायची गादी त्यांच्या वंशजांकडे राहिली. इथे झाशीच्या राणीची गोष्ट निघाली की तिच्यामागोमाग तिचा तोपची येतो, गुलाम गौस खान. झाशीच्या किल्ल्यातली ‘कडक बिजली’ तोफ त्याची म्हणून दाखवतात. खुदाबक्ष आणि मोतीबाई यांच्याबरोबर त्याची कबरही किल्ल्यातच आहे.

नाव आपल्याला शाळेपासून पाठ. अर्थ मात्र कुणी विचारलेला नसतो.

गौस हा शब्द अरबी. संकटात घातलेली हाक आणि त्या हाकेला मिळालेली मदत, दोन्ही त्या धातूत आहेत. उत्तरेकडच्या कोर्टकचेऱ्यांत फिर्यादीला ‘इस्तगासा’ म्हणतात, तोही याच धातूचा. आपल्याकडे यासाठी नेमका शब्द आहे: धावा. धावा ऐकून जो धावून येतो, तो गौस.

सुफींनी या शब्दाची पदवी केली. अवलियांच्या उतरंडीत सगळ्यात वरचा तो गौस. बगदादच्या अब्दुल कादिर जिलानींना ती पदवी अशी चिकटली की ‘गौसपाक’ म्हटलं की दुसरं कुणी डोळ्यांपुढे येत नाही. ते ११६६ साली वारले. त्यांच्या नावाने रबी-उस-सानी महिन्याच्या ११ तारखेला होणारी ‘ग्यारवी’ मराठवाड्यात, सोलापूरकडे आजही घरोघरी ठाऊक आहे.

आता तिकडच्याच एखाद्या शाळेचा हजेरीपट डोळ्यांपुढे आणा. गौस, दस्तगीर, मोहिद्दीन, महिबूब, कादर, जिलानी. सहा घरची सहा पोरं, पण नावांमागे बहुधा एकच माणूस. दस्तगीर म्हणजे हात धरणारा, हा शब्द फारसी. मोहिद्दीन म्हणजे धर्माला पुन्हा जिवंत करणारा. महिबूब म्हणजे लाडका (इथे मात्र दिल्लीचे निजामुद्दीन औलियाही वाटेकरी आहेत, कारण तेही ‘महबूब’च). कादर हे अब्दुल कादिरमधलं कादिर आणि जिलानी हे त्यांच्या मुलखाचं नाव. विठोबाच्या नावाने एका घरी पांडुरंग, दुसऱ्या घरी पंढरीनाथ, तिसऱ्या घरी विठ्ठल असतो, तसलाच हा प्रकार.

‘गुलाम’पाशी मराठी वाचक अडखळतो. महात्मा फुल्यांच्या १८७३च्या पुस्तकापासून तो शब्द आपल्या कानाला टोचतो, आणि ते बरंच आहे. पण अरबीत ‘गुलाम’ म्हणजे मुळात पोरगा, मिसरूड फुटायच्या वयाचा. कुराणात म्हाताऱ्या झकरियांना मुलगा होणार ही बातमी येते तिथे शब्द गुलाम हाच आहे. चाकर, दास हे अर्थ नंतरचे. म्हणून गुलाम गौस म्हणजे गौसाचा दास म्हणा किंवा गौसाचं पोर म्हणा. मला दुसरा अर्थ जास्त आवडतो. नवसाने झालेलं लेकरू देवाच्या पदरात टाकण्याची रीत आपल्यालाही नवी नाही, आणि रामदास नावाच्या माणसाला कुणी हिणवत नाही.

जाता जाता एक कुरकुर. हल्ली बातम्यांत ‘घौस’ छापतात. रोमन लिपीतलं ‘gh’ बघून उलटा आणलेला हा उच्चार आहे. मूळ अक्षर घशातून येणारं, नुक्ता दिलेलं ‘ग’. मराठीत नुक्ता गळतो, ठीक आहे, पण मग साधा गौस लिहावा.

बुंदेलखंडाशेजारी या नावाचा आणखी एक धनी आहे: ग्वाल्हेरचे मुहंमद गौस. मृत्यू १५६३चा. त्यांच्या दगडी जाळ्यांच्या मकबऱ्याच्या आवारातच तानसेनाची समाधी आहे. तरीही झाशीच्या वाटेवर गौस म्हटलं की लोकांना संतही आठवत नाही आणि तानसेनाचा शेजारीही नाही. आठवतो तोपची. त्याला कादंबरीत आणणारे वृंदावनलाल वर्माही या टहरौलीशेजारच्या मऊरानीपूरचेच. त्यांची लक्ष्मीबाईंवरची कादंबरी १९४६ची.

नावाचा अर्थ कळल्यावर मला झाशीच्या वेढ्यातल्या तारखा वेगळ्या दिसू लागल्या. १८५८च्या मार्चअखेर ह्यू रोजच्या तोफा झाशीवर सुरू होत्या. राणीने धावा केला तो तात्या टोप्यांचा, आणि तात्या खरोखर मोठी फौज घेऊन धावून आले. झाशी आणि टहरौली यांच्यामधून वाहणाऱ्या बेतवेच्या काठी १ एप्रिलला ती फौज मोडली. ३ एप्रिलला इंग्रज तटावर शिड्या लावून शहरात शिरले. मधल्या दोन दिवसांत बाहेरून कुणी येणार नव्हतं. झाशीच्या मदतीला उरले होते ते तिच्याच तटावरचे तोपची.