उचल पैशाची, वसुली आयुष्याची

हॉलिवूडमध्ये २०११ साली 'इन टाइम' नावाचा चित्रपट आला होता. त्यात पैसा हे चलनच नाही. माणसाच्या हातावर त्याच्या उरलेल्या आयुष्याचे आकडे चमकतात आणि कॉफी, बसभाडे, मजुरी सारे मिनिटांत नि तासांत चुकते होते. त्यातला धनको फिलिप वाइस लोकांना वेळ कर्जाने देतो, व्याज त्यांच्या आयुष्यातून कापून घेतो आणि स्वतःच्या तिजोरीत दहा लाख वर्षे कोंडून ठेवतो. गरिबाच्या हातावरचा आकडा शून्यावर आला की तो भररस्त्यात कोसळतो. शहरी प्रेक्षकाला ही कल्पना मोठी अफाट वाटली. आम्हाला वाटली नाही. आमच्या पालघर जिल्ह्यात हा धनको पिढ्यान् पिढ्या नांदला आहे. त्याला चमकणाऱ्या आकड्यांची गरज पडली नाही. एक चोपडी आणि एक अंगठा पुरला.

'लग्नगडी' हा शब्द डहाणू-तलासरीच्या जुन्या माणसांना समजावून सांगावा लागत नाही. वारली तरुणाने लग्नासाठी जमीनदाराकडून कर्ज काढायचे आणि फेड म्हणून नवरा-बायको दोघांनी त्याच्या शेतावर, त्याच्या घरी राबायचे. किती दिवस? चोपडीत याचे उत्तर नसे. पैशाची नोंद होई, दिवसांची होत नसे. सगळी मेख इथेच आहे. ज्या हिशोबात एकच बाजू लिहिली जाते, तो हिशोब कधी संपत नाही. इंग्रज सरकारच्या सायमिंग्टन नावाच्या अधिकाऱ्याने १९३० च्या दशकाच्या अखेरीस आदिवासींच्या या हालअपेष्टा सरकारी अहवालात लिहून ठेवल्या. अहवाल दप्तरात गेला. लग्नगडी मोडली ती आदिवासींनीच. मे १९४५ मध्ये झरी येथे गोदावरी परुळेकर आणि किसान सभेच्या पुढाकाराने वारली एकत्र आले आणि वेठ करायची नाही असे ठरले. १० ऑक्टोबर १९४५ रोजी तलवाड्याला पोलिसांच्या गोळीबारात जेठ्या गांगड यांच्यासह पाच आदिवासी ठार झाले. तो झेंडा लाल होता, निळा नव्हता. पण हे ऋण मान्य करायला आम्हाला कसला संकोच?

कारण हाच व्यवहार आमच्या वाडवडिलांशी वतनाच्या नावाने झाला होता. वतनदार महाराचा दिवसही सरकारचा आणि रात्रही सरकारची. तो गावात नसेल तर बापाला, भावाला उभे करायचे. मोबदला काय, तर इनामाचा तुकडा, बलुत्याच्या पेंढ्या आणि हातावर टेकवलेले चार पैसे. १९२८ साली बाबासाहेबांनी मुंबई कायदेमंडळात महार वतनाचे विधेयक मांडले ते याच चोवीस तासांच्या गुलामीविरुद्ध. १९२९ मध्ये ते परत घ्यावे लागले, एवढा विरोध झाला. पुढे मजूरमंत्री म्हणून त्यांनी १९४६ साली कारखान्यातले कामाचे तास आठवड्याला ५४ वरून ४८ वर आणणारी दुरुस्ती मांडली. आपले काही वक्ते 'चौदाचे आठ केले' असे ठोकून देतात. त्याची गरज नाही. आठवड्याचे सहा तास म्हणजे वर्षाचे तीनशे तास कामगाराच्या पदरात परत टाकणे, हे काही लहान काम नव्हे. आणि घटनेच्या कलम २३ ने वेठ आणि सक्तीची मजुरी हा गुन्हा ठरवला.

तरी कायदा यायला किती वर्षे लागली पाहा. तारापूरला १९६९ साली अणुवीज तयार होऊ लागली. वेठबिगारी रद्द करणारा वटहुकूम निघाला ऑक्टोबर १९७५ मध्ये, आणि कायदा १९७६ साली. म्हणजे या देशाला अणू आधी फोडता आला, सावकाराची चोपडी नंतर! ती चोपडीही कागदावरच फाटली. कायदा झाल्यावरही वसई तालुक्यात वेठबिगार निघत राहिले आणि त्यांच्यासाठी १९८० च्या दशकात श्रमजीवी संघटनेला लढावे लागले.

आज लग्नगडी हे नाव नाही. 'उचल' आहे. पावसाळ्यात घरातला दाणा संपतो, तेव्हा कातकरी कुटुंब वीटभट्टीवाल्याकडून उचल घेते. दिवाळीनंतर सगळे बिऱ्हाड भट्टीवर. आठवड्याला खर्ची मिळते, हिशोब हंगामाच्या शेवटी. विटा हजारावर मोजतात, तास कोणीच मोजत नाही. जोडीने राबणाऱ्या बाईचे तर नावही हिशोबात नसते. नवऱ्याच्या नावातच तिचा दिवस गडप होतो. शेवटी 'अजून तुझ्याकडे येणे आहे' म्हटले की पुढचे वर्ष विकले गेले.

आणि बोईसर? पहाटे गाडीतून उतरून तारापूर एमआयडीसीकडे निघालेला ठेक्यावरचा कामगार पाहा. ठेकेदाराच्या हजेरीपुस्तकात बारा तासांची पाळी ही त्याला नवी गोष्ट नाही. नवे एवढेच की सप्टेंबर २०२५ मध्ये राज्य मंत्रिमंडळाने कारखान्यात दिवसाचे नऊ तास बारापर्यंत नेण्याला आणि तिमाहीतला जादा कामाचा पल्ला ११५ तासांवरून १४४ वर नेण्याला मान्यता दिली. कामगाराची लेखी संमती घेणार म्हणे! ज्याचा गेटपास ठेकेदाराच्या खिशात, त्याची संमती कसली? अंगठा हीसुद्धा लेखी संमतीच होती. जादा तासाला दुप्पट दर हा कायदा आहे. तो दर ठेक्यावरच्या माणसाच्या हाती पडतो का, हे आधी तपासा, मग तास वाढवा. किमान वेतनाहून कमी दराने राबवणे ही सक्तीची मजुरीच, असे सर्वोच्च न्यायालयाने १९८२ साली एशियाडच्या बांधकाम मजुरांच्या प्रकरणात सांगून ठेवले आहे.

आमच्या कार्यकर्त्यांना एक विनंती. १९७६ च्या कायद्यात एक फार मोलाची तरतूद आहे. मजुराने 'हे वेठबिगारीचे कर्ज आहे' म्हटले, की ते तसे नाही हे सिद्ध करण्याची जबाबदारी धनकोवर येते. मजुराकडे चोपडी नाही म्हणून तो हरत नाही. सुटलेल्या मजुराला केंद्राच्या २०१६ च्या योजनेत एक लाखापासून तीन लाखांपर्यंत मदत आहे, पण पूर्ण रक्कम मालकाला शिक्षा झाल्याशी बांधून ठेवली आहे. म्हणजे खटला रेंगाळला की मजूर पुन्हा उचलीच्या दारात. त्याआधीची तातडीची मदत आणि मुक्तीचा दाखला मिळवून देणे हे काम आपण करू शकतो. याच कायद्याने प्रत्येक जिल्ह्यात आणि उपविभागात दक्षता समिती असायला हवी. पालघर जिल्हा १ ऑगस्ट २०१४ ला झाला. तेव्हापासून या समितीच्या किती बैठका झाल्या, किती भट्ट्या तपासल्या, किती दाखले दिले, हे विचारायला माहिती अधिकाराचा दहा रुपयांचा अर्ज लागतो. दिवाळीच्या आत तो पडला पाहिजे. नंतर कुटुंबे भट्टीवर गेलेली असतील.