शिकाऊ परवान्याची मुदत

ज्या इसमाने वयाची २० वर्षे पूर्ण केली आहेत आणि ज्याच्यापाशी हलक्या मोटारीचा परवाना निदान वर्षभर आहे, त्यासच मालट्रक शिकण्याची अनुज्ञा मिळावी, हा १९८८ च्या मोटार वाहन अधिनियमाचा दंडक सर्वथा उचित होय. परंतु ज्या शिकाऊ परवान्यास एवढी पूर्वतयारी लागते, त्याचे आयुष्य स्कूटर शिकणाऱ्या कॉलेजकुमाराच्या परवान्याइतकेच, म्हणजे सहा महिन्यांचेच ठेवण्यात कोणते तारतम्य आहे, हे उमगत नाही. स्कूटर घरच्या अंगणात उभी असते. ट्रक मात्र मालकाचा, तो नाशिक-नागपूर भाड्यावर धावत असतो, आणि क्लीनरकीतून वर येऊ पाहणारा पोरगा शिकतो तो उस्तादाच्या मर्जीने, परतीच्या रित्या खेपेत, रस्ता मोकळा सापडला तर. मुदत टळली की फिरून अर्ज, फिरून शुल्क (दलालाची दक्षिणा त्यात धरलेली नाही), फिरून वैद्यकीय दाखला, आणि तितक्या दिवसांची बुडालेली मजुरी.

अमेरिकेतही ही मुदत १८० दिवसांची असे व तिचे एकवार नूतनीकरण होई. २०१८ साली तेथील संघशासनाने, लेखी परीक्षा पुन्हा न घेता, ती एक वर्षाची करण्याची मुभा राज्यांना दिली. आपल्या अधिनियमाच्या कलम १४ मध्ये अवजड वाहनांपुरती तशी तजवीज करण्यास हरकत नसावी. अंतिम चाचणी मात्र मैदानातल्या दोन फेऱ्यांवर न भागवता भरल्या गाडीनिशी घाटाच्या चढावर घ्यावी, याविषयी माझे दुमत नाही.