मोठा आवाज म्हणजे चांगला आवाज नव्हे, राजेहो!

सध्या पोरांमध्ये 'लॉसलेस'ची चर्चा जोरात आहे. ॲपल म्युझिकनं २०२१ मध्ये जादा पैसे न घेता ही सोय दिली, २०२५ मध्ये स्पॉटिफायवरही ती आली. जुनी हिंदी गाणी 'ओरिजिनल क्वालिटी'त ऐकतो, असं पोरं अभिमानानं सांगतात. चांगलंच आहे.

भानगड सोपी आहे. एमपीथ्रीमध्ये फाईल लहान करायला आवाजाचा काही भाग कायमचा कापला जातो. लॉसलेसमध्ये फाईल आवळतात, पण आतलं काहीच फेकत नाहीत. सीडीच्या दर्जाचा आवाज म्हणजे सेकंदाला १,४११ किलोबिट. मोबाईलवर फिरणारी जुनी एमपीथ्री अनेकदा १२८ चीच असते. 'यादों की बारात' (१९७३) मधलं आशाबाईंचं ते गिटारवालं गाणं आठवा. सुरुवातीला पंचमदांनी वाजवून घेतलेली काचेच्या ग्लासची किणकिण आहे. असे बारीक आवाजच आधी मार खातात.

पण दोन गोष्टी ध्यानात ठेवा. एक, ब्लूटूथवर बहुतेक इअरबड आवाज पुन्हा कापूनच घेतात. लॉसलेस ऐकायचं तर वायरवाला हेडफोन बरा. दोन, १२८ ची फाईल फ्लॅकमध्ये बदलली म्हणून गेलेलं परत येत नाही. पाणी घातलेलं दूध आटवून निरसं होत नाही, तसंच हे.

आता मुद्द्यावर येतो. घरी बसून ग्लासची किणकिण शोधणारी हीच पोरं दुर्गोत्सवात मंडळाची कार्यकर्ती असतात. तिथं कुठूनतरी उतरवलेलं गाणं भिंतीएवढ्या स्पीकरवर चढवलं जातं. शब्द कळत नाहीत, चाल कळत नाही, फक्त छाती धडधडते. फाईल फाटकी असली की आवाज वाढवून ती सुधारत नाही, फाटका आवाज मोठा होतो एवढंच.

यवतमाळचा दुर्गोत्सव बघायला बाहेरगावची माणसं येतात. २००० च्या ध्वनिप्रदूषण नियमांत रहिवासी भागासाठी दिवसा ५५ आणि रात्री ४५ डेसिबलची मर्यादा आहे. मिरवणुकीत ती कुठं असते, हे रस्त्यावरच्या घरातल्या म्हाताऱ्या माणसाला आणि पाळण्यातल्या लेकराला विचारा. पोलिसांनी मीटर आणायची वाट कायले पाहायची?

मंडळवाल्या भावांनो, यंदा एक करून पाहा. स्पीकर निम्मे करा, गाणी चांगल्या फाईलवरून वाजवा, आणि आवाज एवढाच ठेवा की शेजारी उभ्या माणसाशी बोलता येईल. शंकर-जयकिशनचे व्हायोलिन, पंचमदांचा ठेका दत्त चौकात नीट ऐकू आला, तर गर्दी कमी होणार नाही. उलट लोक थांबून ऐकतील.

कानाची पेशी एकदा मेली की परत येत नाही. तिथं लॉसलेस नाही. पटलं तर आपल्या मंडळाच्या ग्रुपवर टाका, नाही पटलं तर खाली भांडा. पण हळू आवाजात!