गोळी आणि पहिला चहा

थायरॉइडची गोळी मी चार वर्षं नेमाने घेतेय, एक दिवस चुकवली नाही. तरी रिपोर्टमध्ये टीएसएच वाढलेलाच! 50 ची गोळी 75 ची झाली, थकवा तसाच. "फार मनाला लावून घेता तुम्ही," हेही ऐकून घेतलं.

मग नव्या डॉक्टरीणबाईंनी विचारलं, "गोळी कशाबरोबर घेता?"

"चहाबरोबर, अजून कशाबरोबर!"

इथेच मेख होती. ही गोळी उपाशीपोटी, साध्या पाण्याबरोबर घ्यायची आणि पुढे अर्धा ते एक तास चहा-कॉफी नाही. कॉफीमुळे ती रक्तात कमी उतरते, दुधातल्या कॅल्शियमचाही अडथळा होतो. लोहाची गोळीही चहाबरोबर वायाच, कारण चहातलं टॅनिन लोहाला धरून ठेवतं. उलट सिप्रोफ्लॉक्सासिन चालू असेल, तर कॅफिन शरीरातून लवकर बाहेर पडत नाही. मग छातीत धडधड, रात्री झोप नाही.

चार वर्षांत हा साधा प्रश्न कुणी का विचारू नये? चिठ्ठीवर नुसतं 'सकाळी एक'. आणि बाईची सकाळ तर चहानेच सुरू होते! सगळ्यांचा टाकायचा, ओट्यापाशी उभ्याउभ्या आपलाही घ्यायचा.

आता मी उठल्याउठल्या गोळी घेते आणि डबे झाल्यावर चहा. सासूबाई म्हणतात, "घे गं, गार होईल." "अजून वीस मिनिटं, आई." दोन महिन्यांनी टीएसएच जागेवर आला, डॉक्टरांनी गोळी परत 50 ची केली.

सासूबाईंची लोहाची गोळी मात्र अजून चहाबरोबरच जाते. ती लढाई चालू आहे.