तपास का नाकारला, हे आदेशात लिहा

मा. मुख्य न्यायमूर्ती,
मुंबई उच्च न्यायालय, मुंबई.



तालुक्याच्या कोर्टात ‘एकशे छप्पन तीन’ हा जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेतल्या कलमाचा आकडा पक्षकारांनाही पाठ असतो. १ जुलै २०२४ पासून नव्या नागरिक सुरक्षा संहितेत त्याचे १७५ (३) झाले, पण माणसे अजून जुन्याच आकड्याने बोलतात. पोलीस ठाण्यात फिर्याद घेतली नाही आणि अधीक्षकांना पाठवलेल्या अर्जाची नुसती पोच हाती आली, की ती दंडाधिकाऱ्यांकडे येतात. मागणे एवढेच असते, की पोलिसांना तपासाचा आदेश द्या.

असा प्रत्येक अर्ज ठाण्याकडे धाडावा, असे माझे म्हणणे नाही. भावकीतला बांध आणि व्यापारातली उधारी फौजदारीचा अंगरखा घालून कोर्टात येतात, हे आम्ही वकील रोज पाहतो. कर्जदाराने वित्तसंस्थेच्या अधिकाऱ्यांवर तक्रारींमागून तक्रारी केल्याच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने २०१५ साली अशा अर्जासोबत शपथपत्र सक्तीचे केले. जानेवारी २०२५ मध्ये, महाराष्ट्रातूनच गेलेल्या एका प्रकरणात, तपासाचा आदेश यांत्रिकपणे देऊ नये असेही बजावले. दोन्ही गोष्टी रास्त आहेत.

पण यांत्रिक आदेश जसा वाईट, तसाच यांत्रिक नकारही. ‘अर्ज नामंजूर, पडताळणी जबाबासाठी ठेवा’ एवढ्या एका ओळीत फिर्यादीची वाट बदलते. यापुढे पोलिसांचा तपास नाही; साक्षीदार आणायचे त्याने, कागद मिळवायचे त्याने.

म्हणून विवेकाधिकार वापरताना एक प्रश्न आधी विचारला जावा : हा पुरावा कोणाच्या आवाक्यात आहे? ओळखीच्या माणसाने चारचौघांत मारहाण केली, दवाखान्याचा दाखला फिर्यादीच्या खिशात आहे, साक्षीदार गावातलेच आहेत. तिथे दंडाधिकाऱ्यांनी स्वतः साक्षी ऐकाव्यात. पण खोटा अंगठा उठवून एखाद्या विधवेची जमीन विकली असेल, तर अंगठा तज्ज्ञाकडून कोण तपासून घेणार? पैसे कोणकोणत्या खात्यांतून फिरले, त्या दिवशी कोण कोणाशी फोनवर बोलत होते, हे ती कुठून आणणार? झडती, जप्ती, अटक यांपैकी एकही अधिकार तिला नाही. तिला ‘तुम्हीच सिद्ध करा’ म्हणणे म्हणजे तक्रार आजच निकाली काढणे.

दखलपात्र गुन्ह्याची माहिती मिळाली की एफआयआर नोंदवलाच पाहिजे, असे घटनापीठाने ललिता कुमारी प्रकरणात २०१३ सालीच सांगितले. प्राथमिक चौकशीची मुभा ठेवली ती मोजक्या प्रकारांपुरती. आता नव्या कलमात दंडाधिकाऱ्यांनी आदेशापूर्वी पोलिसांचे म्हणणेही विचारात घ्यायचे आहे. ज्या ठाण्याने फिर्याद नाकारली, त्याच ठाण्याचा ‘से’ येईपर्यंत तारखा पडत राहिल्या, तर सीसीटीव्हीचे चित्रण पुसले जाते आणि खात्यातली रक्कम पुढे सरकते. पोलिसांचे ऐकावे, पण त्यांच्या मौनावर अर्ज अडकू नये.

राज्यघटनेच्या अनुच्छेद २३५ नुसार दुय्यम न्यायालयांवर आपले नियंत्रण आहे, आणि उत्तनच्या न्यायिक अकादमीत नवे न्यायाधीश घडतात. आपण परिपत्रकाने आणि प्रशिक्षणातून तीन गोष्टी रुजवाव्यात, ही विनंती. तपास नाकारताना, पोलिसांविना पुरावा कसा उभा राहू शकतो, हे आदेशात दोन-चार वाक्यांत लिहावे. पोलिसांच्या म्हणण्यासाठी ठरावीक मुदत असावी, आणि ती उलटल्यास अर्जावर निर्णय व्हावा. तपासाचा आदेश झाल्यास गुन्हा क्रमांक ठरावीक दिवसांत कोर्टाला कळवणे ठाण्यावर बंधनकारक असावे. योग्य तपास होतो की नाही हे पाहण्याचा अधिकार दंडाधिकाऱ्यांना आहे, असे साकिरी वासू प्रकरणात २००७ सालीच स्पष्ट झाले आहे. तो वापरात यायला हवा.

यात विवेकाधिकाराला कात्री लागत नाही. कोणता मार्ग धरायचा हे दंडाधिकारीच ठरवतील, फक्त कारण कागदावर येईल. वरच्या कोर्टात दाद मागताना खालच्या आदेशात काय चुकले ते दाखवावे लागते. आदेशात कारणच नसेल, तर त्या विधवेच्या वकिलाने बोट ठेवायचे कशावर?

आपला नम्र,
तालुका न्यायालयातला एक वकील