निवडणूक थांबवण्याचा हक्क कोणाचा?

मध्य प्रदेशच्या 1960 च्या सहकारी संस्था कायद्यात कलम 64 ला एक परंतुक जोडलेले आहे. निवडणुकीचा कार्यक्रम जाहीर झाल्यापासून निकाल लागेपर्यंत निबंधकाने निवडणुकीचा वाद दाखल करून घ्यायचा नाही. सभासदाला जे काही म्हणायचे असेल ते त्याने निकालानंतर म्हणावे.

बुऱ्हाणपूरच्या केळीवाल्याला याचा अर्थ यादी लागली की कळतो. सोसायटीच्या फळ्यावर मतदारयादी डकवलेली असते. कर्ज फेडल्याची पावती खिशात असते, तरी नाव थकबाकीदारांत निघते. तो हरकत घेतो. हरकत फेटाळली जाते. आता जायचे कुठे? निबंधकाचे दार बंद. उच्च न्यायालयही सहसा हात घालत नाही. मतदारयादी करणे हाही निवडणुकीचाच टप्पा आहे, प्रक्रिया सुरू झाल्यावर तीत अडथळा आणू नये, असे सर्वोच्च न्यायालयाने 2001 साली महाराष्ट्रातल्या संत जनार्दन स्वामी दूध उत्पादक संस्थेच्या प्रकरणात सांगून ठेवले आहे. निकालानंतर वाद गुदरायचा आणि तारखा मोजायच्या. तोवर निवडून आलेला खुर्चीत बसलेला असतो.

नियम कडक आहे, पण वावगा नाही. यादीतल्या प्रत्येक नावावरून स्थगिती मिळू लागली, तर एकही निवडणूक वेळेवर व्हायची नाही. स्थगितीचा फायदाही खुर्चीत बसलेल्यांनाच. म्हणून सभासदाने तूर्त गप्प राहायचे आणि त्याच्या बदल्यात निवडणूक वेळेवर व्हायची, असा हा सौदा आहे. सभासदाने आपली बाजू पाळली. सरकारने?

मध्य प्रदेशात प्राथमिक कृषी पतसंस्था साडेचार हजारांच्या घरात आहेत. त्यांच्या निवडणुका शेवटच्या झाल्या 2013 साली. पाच वर्षांची मुदत 2018 मध्ये संपली. तेव्हापासून कारभार प्रशासकांकडे आहे. पीककर्ज त्यांच्या सहीने, खताची उचल त्यांच्या सहीने. मुदत संपण्याआधी निवडणूक घ्यावी आणि बरखास्त मंडळाच्या जागी प्रशासक सहा महिन्यांपेक्षा जास्त नसावा, असे त्या वर्षी राज्यघटनेच्या पुस्तकातही छापलेले होते. 97 व्या दुरुस्तीने ते घातले होते. राज्यांची संमती घेतली नव्हती म्हणून सर्वोच्च न्यायालयाने राज्यांतल्या संस्थांपुरता तो भाग रद्द केला, पण ते 2021 च्या जुलैत. आधीच्या तीन वर्षांना ती सबब लागू होत नाही.

गाऱ्हाणे उच्च न्यायालयात गेले. मग 2025 च्या मार्चमध्ये राज्य सहकारी निवडणूक प्राधिकाऱ्यांनी मे ते सप्टेंबर असा पाच टप्प्यांचा कार्यक्रम काढला. तो त्या वेळापत्रकाप्रमाणे पार पडला नाही. संस्थांच्या पुनर्रचनेचे काम मध्ये आले. हे काम आधीच्या सात वर्षांत उरकता आले असते, ते नेमके कार्यक्रम निघाल्यावर आडवे आले.

खरी मेख इथे आहे. जाहीर झालेला कार्यक्रम सभासद थांबवू शकत नाही. निबंधक त्याविरुद्ध ऐकून घेत नाही. न्यायालय शक्यतो थांबवत नाही. मग तो थांबला कसा? निवडणुकीभोवती एवढी मजबूत भिंत बांधली आणि सरकारपुरते दार उघडे ठेवले.

रावेरच्या नाक्यापलीकडे महाराष्ट्रातही चित्र फारसे वेगळे नाही. तिथे निवडणूक पुढे ढकलण्याचा अधिकार सरकारने कायद्यातच लिहून घेतला आहे. कधी कोविड, कधी पावसाळा. पावसाळा दरवर्षी येतो हे निवडणुकीच्या तारखा धरताना कोणाच्या ध्यानात येत नाही.

सहकारी निवडणुकांच्या खटल्यांबद्दल बोलताना अधिकारी सभासदांच्या खटलेबाजीला नावे ठेवतात. एका नावावरून अख्खी निवडणूक अडवतात, अशी त्यांची तक्रार. हिशेब मांडला तर एका नावावरून अडते ती एका संस्थेची निवडणूक. इथे एकाही सभासदाने न अडवता साडेचार हजार संस्थांची निवडणूक सात वर्षे लांबली, आणि त्याला खटलेबाजी म्हणत नाहीत, प्रशासकीय कारण म्हणतात.

कलम 64 चे परंतुक काढून टाकण्याची गरज नाही. त्यात एक वाक्य वाढवावे. जाहीर झालेला कार्यक्रम सरकारलाही थांबवता येणार नाही, आणि मुदत संपेपर्यंत कार्यक्रम निघाला नाही तर कोणत्याही सभासदाला दुसऱ्याच दिवशी दाद मागता येईल. वेळेवर निवडणूक होण्यासाठी सभासदाचे तोंड बंद करायचे असेल, तर तीच वेळ सरकारवरही बंधनकारक हवी. ते मान्य नसेल, तर सभासदाला गप्प बसवण्याचा अधिकारही सरकारने सोडून द्यावा.